दुपारी दीडचा आवाज

माझा स्वभाव संशयी आहे, हे मी आधीच सांगून टाकतो. दूधवाल्यानं माप घालताना अंगठा आत बुडवला का, हे मी बघतो. कुणी विनाकारण गोड बोललं की माझा हात आपोआप खिशाकडे जातो. बायको म्हणते, तुम्हाला देवानं जरी प्रसाद दिला तरी तुम्ही तो आधी हुंगून बघाल. हे खरं आहे आणि या स्वभावानं मला धंद्यात कधी तोटा झाला नाही. घरात मात्र झाला.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. सोनईला बाजारपेठेच्या रस्त्यावर आमचं घर. रस्त्याकडच्या खोलीला शटर होतं आणि तिथे मी मराठी टायपिंगचा धंदा करत होतो. पंधरा वर्षं टाइपरायटर बडवल्यावर मी कॉम्प्युटर घेतला. लग्नपत्रिका, दशक्रियेची कार्डं, सोसायटीचे अहवाल, सगळं त्यावर व्हायचं. पण खरी कमाई परीक्षांच्या पेपरांची होती. आसपासच्या सात-आठ हायस्कुलांच्या प्रश्नपत्रिकांचं काम माझ्याकडे यायचं. हेडमास्तर स्वतः लाखोटा घेऊन यायचे, इकडेतिकडे बघून तो माझ्या हातात द्यायचे आणि छपाईसाठी तयार झालेला बटर पेपर न्यायलाही स्वतःच यायचे. कच्चे कागद मी त्यांच्यासमोर चुलीत घालत असे. एखादा प्रश्न जरी बाहेर फुटला असता तर माझं शटर कायमचं खाली आलं असतं. गावात दुसरा टायपिस्ट तयारच बसला होता.

त्याच वर्षी माझी मोठी बहीण, आक्का, तिच्या मुलीला घेऊन आमच्याकडे राहायला आली होती. नवरा गेला, दिरांनी चार महिन्यांत चूल वेगळी करायला लावली, मग मीच जाऊन तिला घेऊन आलो. माहेरचं दार तुला उघडं आहे, असं मी तेव्हा चारचौघांत म्हणालो होतो आणि म्हणताना मला स्वतःचा फार अभिमान वाटला होता. भाची नववीत होती, गावातल्याच हायस्कुलात. म्हणजे तिच्या परीक्षेचे पेपर तिच्या मामाच्या कॉम्प्युटरमध्ये, ती झोपत होती त्या खोलीपासून एका भिंतीच्या अंतरावर.

कॉम्प्युटर मी कधीच बंद करत नसे. नगरहून ज्या इंजिनिअरनं तो बसवून दिला, त्यानं सांगितलं होतं की सारखं चालू-बंद केल्यानं मशीन लवकर जातं. थोडा वेळ हात लावला नाही की ते आपलं आपण झोपी जायचं. पडदा काळा व्हायचा, फक्त खाली एक बारीक हिरवा दिवा राहायचा. बायको त्यावर टॉवेल टाकायची. इंजिनिअरनं दोन छोटे स्पीकर फुकट दिले होते. फुकट का दिले, याचाही मी तेव्हा बराच विचार केला होता.

उन्हाळ्यात एक ते दोन मी शटर ओढून मागच्या खोलीत आडवा होत असे. त्या वर्षी मार्चच्या शेवटी एका दुपारी माझा डोळा लागला आणि पुढच्या खोलीतून 'टुंग' असा आवाज आला. थोड्या वेळानं पुन्हा एकदा. मी उठून गेलो. मशीन झोपलेलं होतं, टॉवेल जागेवर होता. माऊस हलवला तर सकाळी केलेली लग्नपत्रिका जशीच्या तशी समोर आली. कुठे काही नाही.

दुसऱ्या दिवशी त्याच सुमाराला पुन्हा टुंग. तिसऱ्या दिवशीही. मी भिंतीवरच्या घड्याळात बघितलं, दीड वाजला होता. बायको कुशीवर वळून म्हणाली की तो आवाज एकदाचा बंद करा, घटकाभर डोळा लागत नाही. काढून टाका ती डबडी. मलाही झोप हवी होती. स्पीकरची वायर ओढली असती तर विषय तिथेच संपला असता. पण माझ्या डोक्यात दुसरंच चाललं होतं. कुणी बटण दाबलं, काही उघडलं, काही चुकलं की हे मशीन आवाज करतं, एवढं मला माहीत होतं. आपण झोपलेलो असताना ते आवाज करतंय, याचा अर्थ कुणीतरी त्याला उठवतंय. आवाज बंद केला तर झोप लागेल, पण चोर कसा सापडणार? म्हणून मी बायकोला म्हणालो, राहू दे, तो माझा राखणदार आहे.

घरात माणसं चार. मी आणि बायको एका खोलीत. उरल्या दोघी.

एकदा मनात पाल चुकचुकली की सगळ्या गोष्टींना वेगळा वास यायला लागतो. भाचीला सहामाहीत गणितात चांगले मार्क पडले होते. तेव्हा मी पेढे वाटले होते. आता मला आठवलं की सहामाहीचा पेपरही मीच टाइप केला होता. आक्का मशीनवरची धूळ फार मन लावून पुसायची. भाचीनं एकदा विचारलं होतं, मामा, यात लिहिलेलं पुसलं तर कुठं जातं? तेव्हा मला कौतुक वाटलं होतं. आता वाटलं, हिला हे कशाला पाहिजे?

मी सापळा लावला. टॉवेलाची घडी एका ठरावीक पद्धतीनं घातली आणि की-बोर्डच्या लांब पट्टीवर तांदळाचा एक दाणा ठेवला. दुपारी दीडला टुंग झालं. दोन वाजता जाऊन पाहिलं तर घडी जशीच्या तशी आणि दाणाही जागच्या जागी. शहाण्या माणसानं इथे सुटकेचा श्वास सोडला असता. मी मात्र चरकलो. मला वाटलं, काम करून दाणा पुन्हा जागेवर ठेवण्याइतकी ही आक्का हुशार आहे.

मग मी आणखी खोलात शिरलो. एखादा कागद मशीनमध्ये शेवटचा कधी साठवला, हे बघता येतं, हे मला ठाऊक होतं. नववीच्या गणिताचा पेपर बघितला. तारीख बरोबर होती आणि वेळ ०२:४०. त्याच्या आधीच्या दिवशीचा विज्ञानाचा पेपर, ०३:०५. त्याच्याही आधीचा इतिहासाचा, ०२:२०. एसटीच्या स्टँडवरचा वेळापत्रकाचा फळा आम्ही लहानपणापासून वाचत आलोय. पुढे शून्य असलेले दोन म्हणजे रात्रीचे दोन. दुपारचे दोन असतील तर फळ्यावर चौदा लिहिलेलं असतं. म्हणजे रात्री दोन-तीनच्या सुमारास कुणीतरी माझे पेपर उघडून, बघून, पुन्हा साठवून ठेवत होतं.

आणि त्या वेळी आमच्या घरात कोण जागं असतं, हे मला चांगलं माहीत होतं. उन्हाळ्यात नळाला पाणी रात्री दोनला यायचं. हंडे भरायला आक्काच उठायची. आल्यापासून ते काम तिनंच अंगावर घेतलं होतं. मी पडल्या पडल्या बादलीचा आवाज ऐकत असे आणि बहीण किती राबते म्हणून हळहळत असे. आता मला त्या राबण्याचं कारण सापडलं होतं.

बायकोला सांगितलं तर तिनं मलाच वेड्यात काढलं. आक्कांना चालू कुठून करायचं ते तरी माहीत आहे का, असं तिनं विचारलं. मी म्हणालो, पोरीला माहीत आहे ना. मशीनवर पोरगी आणि राखणीला आई, रात्रीही आणि दुपारीही. असं सगळं जुळलं की संशयी माणसाला एक प्रकारचं समाधान वाटतं. मला ते वाटलं, हे कबूल करायला हवं.

वार्षिक परीक्षेला आठ दिवस होते. त्या दुपारी मी झोपलोच नाही. डोळे मिटून पडून राहिलो. दीड वाजला, टुंग झालं आणि मी अनवाणी धावत पुढच्या खोलीत गेलो. आक्का टेबलापाशी वाकली होती. तिच्या हातात उशी होती आणि ती दोन्ही स्पीकरांवर दाबून धरली होती.

काय करतेस, असं मी विचारलं. माझा आवाज चढला होता. तिनं दचकून बघितलं.

"आवाज बंद करीत हुते," ती म्हणाली. "तुझी झोप मोडती रोज. बटन कुटलं ते कळंना, म्हून उशी ठिवली."

चोरच राखणदाराचं तोंड दाबत होता, असं मला वाटलं. मी सगळं भडाभडा बोलून टाकलं. रात्रीच्या वेळा, सहामाहीचे मार्क, तांदळाचा दाणा. पेपर फुटला तर हे घर उपाशी मरेल, असं म्हणालो. तिला बहुतेक अर्धंही कळलं नाही. तिला एवढंच कळलं की तिचा भाऊ तिला चोर म्हणतोय. ती म्हणाली की तिनं मशीनला फडक्याशिवाय कधी हात लावला नाही आणि पोरगी तर मामाला विचारल्याशिवाय त्या खोलीत पाऊलही टाकत नाही.

तिथेच थांबलो असतो तर काही बिघडलं नसतं. पण मी देवघरात गेलो. आमचं कुळदैवत खंडोबा. भंडाऱ्याची डबी तिथे कायम असते. सकाळच्या पूजेचं बेलाचं पान होतं, ते घेतलं. बेलभंडारा हातात घेऊन आमच्याकडे माणूस खोटं बोलत नाही. खोटं बोललं तर ते लेकरावर येतं, हे आम्ही भाकरीबरोबर खाल्लेलं आहे. गावात एक जण भंडारा उचलून खोटं बोलला आणि वर्षाच्या आत त्याचा पोरगा गेला, ही गोष्ट आक्कानं आणि मी एकाच गोधडीत आईच्या दोन बाजूंना पडून ऐकली होती.

बायको आडवी आली. ती म्हणाली, घरातल्या माणसाला असं करू नका, हे कोर्टकचेरीचं काम आहे का. मी तिला बाजूला केलं आणि डबी आक्कापुढे धरली.

आक्कानं डबीकडे बघितलं, मग माझ्याकडे. "उचलू?" एवढंच तिनं विचारलं.

मी डबी तशीच धरून ठेवली. नको, असं म्हणालो नाही.

तिनं उशी खाली ठेवली, पदर डोक्यावर घेतला, पान तळहातावर ठेवून त्यावर चिमूटभर भंडारा घेतला आणि म्हणाली, "मी न्हाई, माझ्या पोरीनंबी न्हाई." आवाज ऐकून भाची मधल्या दारात येऊन उभी राहिली होती. तिनं हे सगळं बघितलं. आक्कानं हातातला भंडारा आधी स्वतःच्या कपाळाला लावला आणि मग पोरीच्या.

एवढ्यावर तरी माझं मन निवायला हवं होतं. नाही निवलं. आई लेकरासाठी काहीही करते, असं मला वाटत राहिलं. संशयाला पुरावा दिला तर तो पुराव्यावरही संशय घेतो. मी पेपरांची फ्लॉपी करून ती उशाखाली घेऊन झोपायला लागलो.

दोन दिवसांनी आक्कानं पत्र्याची पेटी भरली. देवळाली प्रवऱ्याला तिच्या ओळखीची एक शिवणकाम करणारी बाई होती, तिच्याकडे खोली मिळत होती. बायको रडली. मी आक्काला म्हणालो, परीक्षा होईपर्यंत तरी थांब, पोरीचं वर्ष जाईल. ती म्हणाली, वर्ष जाऊ देणार न्हाई, रोज घिऊन येईन. मी त्यांना स्टँडवर सोडायला गेलो. एसटी हलेपर्यंत भाची खिडकीतून दुसरीकडे बघत होती. परत येताना मला हलकं वाटलं. आता झोप लागेल, असंही वाटलं.

त्याच दुपारी, दीड वाजता, पुढच्या खोलीत टुंग झालं.

मी अंथरुणातच उठून बसलो. बायको माझ्याकडे बघत होती. मी पुढच्या खोलीत गेलो. या खेपेला मी माऊस लगेच हलवला आणि तिथेच स्टूल ओढून बसलो. पडद्यावर एक छोटी चौकट होती, तिच्यात एक निळी पट्टी हळूहळू भरत होती. मग पुन्हा टुंग झालं. पट्टी रिकामी होऊन पहिल्यापासून भरायला लागली आणि थोड्या वेळानं चौकट आपोआप नाहीशी झाली. इतके दिवस मी तिथे पोचेपर्यंत ती निघून गेलेली असायची. त्या खोलीत माझ्याशिवाय कुणी नव्हतं.

नगरला फोन लावला. इंजिनिअरला यायला आठवडा लागला. आल्यावर त्यानं आधी पाणी मागितलं, मग माऊस हलवला, खालची पट्टी वर आणली आणि विचारलं की आत्ता किती वाजले. मी भिंतीकडे बघून म्हणालो, साडेतीन.

"मग हे साडेतीन कुठले?" तो म्हणाला. मशीनवर ०३:३० होते.

तेव्हा उलगडा झाला. फेब्रुवारीत दोन दिवस लाइट नव्हती. मशीनच्या आतला घड्याळाचा सेल संपत आला होता, म्हणून परत चालू केल्यावर त्यानं मला वेळ विचारली. दुपार होती. भिंतीवरच्या घड्याळात सव्वादोन वाजले होते, मी दोन-पंधरा भरले. आमच्या भिंतीवरच्या घड्याळात बाराच आकडे आहेत. दुपार की रात्र ते घड्याळाला विचारायचं नसतं, दाराबाहेर बघितलं की कळतं. मशीनला दार नव्हतं. ते तेव्हापासून बारा तास मागे चालत होतं. पाच वाजता ते ०५ दाखवायचं आणि मला पाचच दिसायचे. पेपरांचं काम मी दुपारी झोप झाल्यावर, शटर अर्धं खाली ठेवूनच करत असे. म्हणजे रात्री दोन-चाळीसला गणिताचा पेपर उघडणारा माणूस मीच होतो.

आणि आवाज? इंजिनिअर म्हणाला की बसवतानाच त्यानं रोज रात्री दीड वाजता, मशीन झोपलेलं असेल तरच, त्याची आतली साफसफाई लावून ठेवली होती. मध्ये काही अडलं की ते टुंग करून पुन्हा सुरू करतं. रात्री पुढच्या खोलीत कोण ऐकतंय, म्हणून त्यानं आवाज तसाच ठेवला. "मी तुम्हाला सांगितलं होतं की त्या दिवशी," तो म्हणाला. सांगितलंही असेल. त्या दिवशी मी नारळ फोडण्यात आणि त्याचं बिल तपासण्यात गुंतलो होतो.

त्यानं घड्याळ बरोबर केलं. मग पडद्यावर एक खिडकी उघडली, एका चौकोनातली खूण काढली आणि म्हणाला की आता झोपेत आवाज करणार नाही. अर्धं मिनिट लागलं असेल.

परीक्षा तोवर सुरू झाली होती. आक्का बोलली तशी रोज सकाळच्या गाडीनं पोरीला घेऊन यायची. पोरगी आत पेपरला जायची आणि आक्का तीन तास शाळेच्या कंपाउंडबाहेर लिंबाखाली बसायची. माझं घर तिथून हाकेच्या अंतरावर होतं. ती एकदाही पाणी प्यायलासुद्धा आली नाही.

दुसऱ्या दिवशी मी तिथे गेलो. त्या दिवशी गणिताचाच पेपर होता. आक्का पिशवी मांडीवर घेऊन बसली होती. कुणाचा तरी ब्लाउज होता, त्याला हूक लावत होती. मी तिच्याशेजारी बसलो आणि सगळं सांगितलं. घड्याळ, सेल, साफसफाई. चूक माझी होती, असं सरळ म्हणालो. मला वाटलं होतं ती रडेल, किंवा मला चार शब्द सुनावेल आणि मग मी तिला घरी घेऊन जाईन. चारचौघांत तिला घरी आणताना वाटला होता तसला अभिमान पुन्हा एकदा वाटून घेण्याची माझी तयारी होती.

ती दोरा दातानं तोडून म्हणाली, "घड्याळाचं न्हाई रं काय. मशीनचं तुला कळलं न्हाई, मला तरी कुटं कळतंय."

मग तिनं सुईत नवा दोरा ओवला. मी म्हणालो, मग घरी चल.

"मी चोर हाय, आसं तुला वाटत हुतं ना?" तिनं विचारलं. मी मान हलवली. "आन खोटा भंडारा उचलला तर लेकरू जातं, ह्येबी तुला वाटतं. आईनं दोगांना संगंच सांगितलं हुतं." ती हूक लावता लावताच बोलत होती, आवाज जरासुद्धा चढला नव्हता. "मंग तू मला उचलायला कसं लावलंस? मी खोटी आसते तर माजी पोरगी मेली आसती. एका पेपरासाठी. ते तुला चाललं आसतं."

मी म्हणालो, असं नाही आक्का, रागाच्या भरात माझ्या ते डोक्यातच आलं नाही.

हे मी खोटं बोललो. डोक्यात आलं होतं. तिनं भंडारा घेतला तेव्हा पोरगी दारात उभी होती, मी तिच्याकडे बघितलं होतं आणि ते माझ्या मनात येऊन गेलं होतं. तरीही मी डबी मागे घेतली नव्हती.

आक्कानं माझ्या तोंडाकडे बघितलं आणि पुन्हा मान खाली घालून शिवायला लागली.